वाट पाहण्याचा दोर

आमच्या घरमालकासमोर ‘वेळ वाया गेला’ असं म्हणायची सोय नव्हती. लग्न होऊन मी वडशाहून चांद्याला आले, तेव्हाची गोष्ट. ओट्यावर उभी राहून शेजारणीला सहज म्हटलं, की रॉकेलच्या रांगेत माझी सगळी सकाळ वाया गेली. तर हा माणूस आतून ताडकन बाहेर आला. धोतर गुडघ्याच्या वर खोचलेलं, हातात लाकडी थापी, मिशा थरथरत.

“वाया गेली? कुठी टाकली? दाखव मले!”

मी रॉकेलचा डबा तिथंच सोडला आणि घरात पळाले. वाटलं, बाप्पा, कोणत्या येड्याच्या घरात आणून टाकलं मला! हे डेपोवरून आले, त्यांना सांगितलं, तर हसता हसता यांची पुरेवाट. “अवं, वेळकरी होय तो. तू त्याले सकाळ फेकून देल्ली म्हनशीन, त तो भडकनच ना.”

तेव्हा चंद्रपूरला सगळे चांदाच म्हणत. हे जंगलखात्यात होते, सागाच्या डेपोवर. पठाणपुरा गेटाच्या आत, शहराच्या तटाला, परकोटाला लागून त्या वेळकऱ्याचं कौलारू घर, आणि त्यातल्या पुढच्या खोल्या आम्ही भाड्यानं घेतलेल्या. बुरूड बांबूची टोपली विणतो, तांबट तांब्याचा हंडा ठोकतो, तसा वेळकरी वेळेच्या वस्तू घडवतो, इतकं ते साधं होतं. गोंडराजाच्या काळात म्हणे चांद्यात वेळकऱ्यांची अख्खी गल्ली होती. मी आले तेव्हा हे एकटेच उरले होते. सगळे त्यांना भाऊ म्हणत. खरं नाव काय, ते मला शेवटपर्यंत कळलं नाही. विचारलं तर म्हणायचे, “नाव घ्याले वेळच लागत नाई, त्याचं काई बनत नाई.”

नम्रपणा वगैरे भाऊंच्या गावी नव्हता. “माह्यासारखा वेळकरी चांद्यात दुसरा नाई,” असं ते छाती काढून सांगत. बाकीचे सगळे मेले होते, नाहीतर दुसऱ्या धंद्याला लागले होते, त्यामुळे ते खरंच होतं. पण तसं तोंडावर सांगायची आमची हिंमत नव्हती.

काम करायची त्यांची रीत अशी. माणसाला ओट्यावर बसवायचं. आपण समोर मांडी घालून बसायचं. “बोलू नोको. सरकू नोको. बसून राह्य,” एवढंच सांगायचं. मग दोघांच्या मधल्या रिकाम्या जागेत भाऊंचे हात चालू लागत. कुंभार ओली माती ओढतो तसे ते ओढत, थापत, वळत. आधी काहीच दिसायचं नाही. हळूहळू मनगटांच्या शिरा फुगत, हातात काहीतरी जड आल्यासारखे खांदे वाकत, आणि मग, कसं सांगू तुम्हाला, तिथं ती वस्तू असायची. मी हे माझ्या डोळ्यांनी कितीदा तरी पाहिलंय, आणि दर वेळी माझ्या अंगावर काटा आलाय. आजही सांगताना येतो.

सगळी वेळ त्यांना चालत नसे. “घाईची वेळ आणू नोका, हातातच चुरा होते,” म्हणायचे. लग्नघरातली वेळ दिसायला छान, पण पाणी लागलं की रंग सोडते. मूल गावाकडचे एक काका वर्षानुवर्षं कोर्टाच्या तारखांना येत. त्यांनी ती कचेरीत बसल्याची वेळ आणून दिली आणि एक काठी करून मागितली. काठी झाली बाप्पा अशी गुळगुळीत, की पाहत राहावं. पण ती हातात घेऊन निघालेला माणूस पठाणपुरा गेटापर्यंत जायचा आणि आपोआप मागे फिरायचा. काकांनी काठी परत आणून आपटली. भाऊ म्हणाले, “कचेरीचा मालच किडका, माह्या हाताले कायले दोष देता?” मग ती काठी आमच्या दाराला अडसर म्हणून कामाला आली. चांगली टिकली.

पण चांद्याची उन्हाळ्यातली दुपार! तिचं नाव काढलं की भाऊंचे डोळे चमकत. “जाड, चिवट, अन् कोनालेच नको असते. असा माल नागपुरात नाई भेटत.” आणि विहिरीवर बायका गप्पा मारत उभ्या राहतात, त्या वेळेच्या त्यांनी चुंबळी करून दिल्या होत्या. ती डोक्यावर ठेवली की वर भरलेली घागर आहे, हेच विसरायला व्हायचं. आमच्या गल्लीतल्या एकूणएक बाईजवळ ती होती. मला त्यांनी एका संध्याकाळचं झाकण दिलं होतं. वैशाखात चांद्यात दूध किती टिकतं ते चांद्याच्या माणसाला विचारा. त्या झाकणाखाली दूध सकाळी काढलं तरी कालच्या संध्याकाळसारखंच. मी आपली पातेल्यासमोर हात जोडून उभी.

एक मात्र होतं. भाऊंनी जी वेळ घेतली, ती त्या माणसाजवळ राहत नसे. मी एकदा माझी दुपार दिली. नवी नवरी, माहेरची आठवण, हे दौऱ्यावर गेलेले, अशी दुपार. भाऊंनी तिचा पाट केला. त्यावर बसलेला माणूस पोटभर जेवल्याशिवाय उठत नाही, असा पाट. पण त्या दुपारी मी ढसाढसा रडले होते, ते मला शेजारणीनं सांगितलं म्हणून माहीत. माझ्याजवळ त्यातलं काही नाही. म्हणून तर लोक यायचे! तापाच्या, भांडणाच्या, अपमानाच्या वेळा घेऊन यायचे, आणि हलके होऊन जायचे.

वाट पाहण्याची वेळ मात्र भाऊ सहसा घेत नसत. त्यांच्या तोंडाला खरं पाणी तिच्यासाठीच सुटायचं, कारण तिचा दोर होतो, आणि त्या दोरासारखी वस्तू नाही, असं ते म्हणत. पण बापानं घालून दिलेला नियम होता. ज्याची वाट, तो आला की घ्यायची, नाहीतर तो गेला असं त्या माणसानं स्वतःच्या तोंडानं म्हटलं की घ्यायची. “मधात तोडू नाई,” भाऊ बजावून सांगत. “मधात तोडली त मानूस मोकळा होत नाई, नुसता रिकामा होते.”

आमच्या समोरच्या घरात सयाबाई राहायची. विधवा, एकच पोट्टा, मोतीराम. सिरोंच्याच्या एका ठेकेदाराचे सागाचे तराफे घेऊन तो गोदावरीनं खाली तेलुगू मुलखात गेला. पूर आला, तराफा फुटला. सोबतचे परत आले, मोतीराम नाही आला. प्रेतही मिळालं नाही. तेव्हापासून सयाबाई रोज मोटर स्टँडावर जायची. सिरोंच्याकडची मोटर आली की एकेक उतारू पाहायची, शेवटी कंडक्टरला विचारायची, “आत कोनी झोपून त नाई ना राह्यलं?” आणि घरी यायची. ऊन नाही, पाऊस नाही. वर्ष उलटलं, आणखी उलटलं. अंगावर मांस राहिलं नाही. दीर म्हणाला, क्रिया करून टाकू. सयाबाईनं त्याला झाडूनं घराबाहेर काढलं.

भाऊ ओट्यावरून तिला जाताना पाहायचे. मी त्या नजरेला ओळखत होते. तिच्यात दया होती, नाही असं नाही. पण सुतार उभ्या सागाकडे पाहतो, तशीही ती होती. “का माल हाय,” ते एकदा पुटपुटले, “का माल हाय, बाई! अशी वाट मी जिंदगीत पाह्यली नाई.” मी चिडून म्हटलं, “भाऊ, माणूस आहे ती!” तर माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

आणि एक दिवस सयाबाईच त्यांच्या ओट्यावर येऊन बसली. खरं तर कोसळली. “भाऊ, आता सोसत नाई. काढून घ्या माह्याजवळची.”

भाऊंनी थापी बाजूला ठेवली. “गेला म्हनतेस?”

सयाबाई खाली पाहत म्हणाली, “लोक म्हनतात, गेला.”

मी दारात उभी होते. माझ्या कानांनी ऐकलं. लोक म्हणतात, असं म्हणाली ती. भाऊंनीही तेच ऐकलं असणार, त्यांचे कान म्हातारपणीही तिखट होते. पण त्यांनी दुसऱ्यांदा विचारलं नाही. हात पुढे केले.

दिवस मावळेपर्यंत ते ओढत होते. तेवढा घाम मी त्यांना कधी आलेला पाहिला नाही. ओट्यावर वेटोळ्यावर वेटोळं पडत गेलं. रंग म्हणाल तर वाळलेल्या मोहफुलासारखा. बोटापेक्षा जाड नाही, पण उचलायला दोन माणसं लागली. सयाबाई उठली, पदर झटकला, आणि म्हणाली, “अगंबाई, दिवेलागण झाली. माही भाकर राह्यली.” गेली घरी. दुसऱ्या दिवसापासून तिनं मोटर स्टँडाचं तोंड पाहिलं नाही. खाऊ लागली, हसू लागली, विहिरीवर भांडूही लागली. मोतीरामबद्दल विचारलं तर म्हणायची, “गेला ना तो तराफा घेऊन,” जसा कालच गेला. गल्लीनं सुटकेचा श्वास सोडला.

दोर भाऊंनी खुंटीला टांगला. विकायचा नाही, कोणाला हात लावू द्यायचा नाही. येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवायचे, बस. वापरला एकदाच. गल्लीतल्या विहिरीचा गाळ काढताना आतली कड ढासळली आणि गाळ काढणारा माणूस कमरेपर्यंत गाडला गेला. घरातले दोर त्या दगडांनी तटातट तुटले. तेव्हा भाऊ स्वतः, एकाला दुसरं टोक धरायला लावून, तो दोर घेऊन धावत आले. माणसाच्या काखेत तो अडकवला, वरून सगळे ओढू लागले. मधेच ओढणाऱ्यांचे हात घामानं सुटले. दोर एक तसूही खाली घसरला नाही! वर त्याला धरणारं कोणी नव्हतं, आणि तो विहिरीच्या तोंडाशी ताठ उभा होता, त्या माणसाला धरून. लोकांनी पुन्हा हात घातले, माणूस वर आला, जिवंत. मी तिथंच मातीत बसले आणि त्या दोराला नमस्कार केला. माझ्याच बाजूला सयाबाई उभी होती. म्हणाली, “भाऊचा दोर मोठा मजबूत हाय, नाई?” तिला काहीच माहीत नव्हतं.

पुढच्या उन्हाळ्यात मोतीराम आला.

मोटर स्टँडावरून लंगडत, कुबडी घेऊन, दाढी वाढलेली. पाय मोडून गोदावरीकाठच्या एका खेड्यात पडून होता. मग ताप, मग पाय पुन्हा मोडून बसवला. तिथल्या लोकांनी सांभाळलं म्हणून जगला. मी त्याला गल्लीच्या तोंडाशी ओळखलं आणि माझ्या हातातली परात पडली. सयाबाई ओट्यावर तांदूळ निवडत होती. तो तिच्यासमोर जाऊन उभा राहिला.

सयाबाईनं वर पाहिलं. “आलास? ते धोतर काढून आन दोरीवरचं. वारा सुटला.”

“माय, मी होय.”

“दिसून राह्यलं ना. पाय धू, जेवाले वाढतो.”

आणि वाढलं तिनं. छान वाढलं. त्यानं पूर सांगितला, तराफा सांगितला, पाय सांगितला. ती “हो का,” “बापरे,” म्हणत होती, आणि मधे मधे तांदळातला खडा वेचून फेकत होती. दुसऱ्याच्या घरची बातमी ऐकावी तसं. तीन दिवस मोतीरामनं हे सोसलं. मग भाऊंच्या ओट्यावर येऊन कुबडी आपटली.

“माह्या मायले का केलं तुमी?”

भाऊ आधी उसळलेच. “का बिघडलं? खाऊन-पिऊन राह्यली, हसून राह्यली. मरत होती ते, मरत! माहित हाय?”

“मी नदीत होतो तवा एकच गोष्ट धरून होतो,” मोतीराम म्हणाला. “का माय वाट पाहून राह्यली. त्याच्यावर पोहलो मी. अन् इथी येतो, त कोनीच नाई. माय हाय, पन माह्यासाठी थांबलेलं कोनीच नाई.”

भाऊ उठून सयाबाईच्या घरी गेले, ओट्यावर बसून राहिले, मायलेकांना पाहत. बऱ्याच वेळानं परत आले ते खाली मान घालून. “तिनं ‘लोक म्हनतात’ म्हटलं होतं,” ते मला म्हणाले. “मले आयकू आलं होतं, बाई. पन हात थांबले नाई माहे.” घडवलेली वस्तू मोडतात कशी, हे बापानं त्यांना शिकवलंच नव्हतं. कोणी कधी मोडलीच नव्हती. आणि सगळी वाट एकदम अंगावर आली तर सयाबाई जागच्या जागी जाईल, अशी त्यांना भीती. तरी त्यांनी खुंटीवरून दोर काढला. आयुष्यातली सगळ्यात चांगली वस्तू! काढताना त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि ते लपवतही नव्हते.

दुसऱ्या दिवशी सूर्य उगवताच सयाबाईला ओट्यावर बसवलं. दोराचं टोक तिच्या हातात दिलं. मोतीरामला समोर बसवलं आणि भाऊंनी त्याला बजावलं, “आवाज देऊ नोको. का झालं तरी नोको. मधात हाक मारली त तिले वाटन तू आला, अन् उरलेली वाट दोरातच राहून जाईन. मंग मी काई नाई करू शकत.” मग त्यांनी पहिला पीळ सोडला.

सयाबाईचा चेहरा बदलला. ती मोतीरामच्या पलीकडे, गल्लीच्या तोंडाकडे पाहू लागली. “आज येईन,” ती आनंदानं म्हणाली. तो हातभर अंतरावर बसला होता, आणि ती त्याला पाहत नव्हती.

भाऊ हळूहळू पीळ सोडत राहिले. दोर त्यांच्या बोटांतून विरून जात होता, आणि गेलेले सगळे दिवस सयाबाईच्या तोंडून बाहेर येत होते. “सोबतचे आले, त तो मागून येऊन राह्यला असन. लहानपनापासून हळूच चालते.” मग ताट वाढून झाकून ठेवल्याचं बोलली. मग दिराशी भांडली. “किरिया? जित्या मानसाची किरिया करता?” मग महाकालीशी भांडली, की तुले मी नारळ देल्ला, तू मले का देल्लं? ऊन चढलं. गल्ली गोळा झाली होती, पण पोरंसुद्धा बोलत नव्हती. सयाबाईचा आवाज खोल जात होता, गाल आत जात होते. एकदा तिनं दात खाऊन म्हटलं, “मोतीराम, बदमाशा, एक डाव ये त सही, तंगडी तोडून ठेवतो तुही!” आणि मोतीराम आपल्या मोडक्या पायावर हात ठेवून, तोंडात सदरा कोंबून बसला होता. त्यानं हाक मारली नाही. कशी नाही मारली, देव जाणे. मला तर वाटत होतं, आपणच ओरडावं, की अगं सयाबाई, हा काय तुझा लेक!

सूर्य परकोटाखाली गेला तेव्हा भाऊंच्या हातात शेवटचा पीळ उरला होता. सयाबाईनं त्यांच्याकडे पाहिलं. “भाऊ, आता सोसत नाई. काढून घ्या.”

भाऊंचे हात थांबले. “लोकाईचं राहू दे, सयाबाई,” ते म्हणाले. “तू का म्हनते? गेला?”

सयाबाईनं मान हलवली.

“नाई,” ती म्हणाली. “मी नाई म्हनत. येते तो.”

भाऊंनी पीळ सोडला. त्यांच्या हातात काही राहिलं नाही. सयाबाईनं मान वळवली, आणि समोर मोतीराम होता.

ती किंचाळली म्हणू की काय म्हणू, मला शब्द सापडत नाही. दोन्ही हातांनी त्याचं तोंड धरलं, दाढी धरली, पाय चाचपला. आणि मग तिला आठवलं. सगळंच परत आलं होतं, तो दोर दिल्याचा दिवससुद्धा. तिनं कपाळ बडवून घेतलं.

“देऊन टाकली रे, बाबू! तुही वाट मी लोकाईचं आयकून देऊन टाकली! तू आला, अन् मी नोयतीच!”

मोतीरामनं तिचे हात धरले. त्याचाही आवाज बसला होता, दिवसभर न बोलून.

“मी होतो ना, माय,” तो म्हणाला. “सकाळपासून इथीच बसून होतो.”